विंगेतून : लेकराला मालिकेत घेतलंय, पाठवू का?

राज्य बालनाट्य स्पर्धेचे निकाल लागले की माझ्याकडं येणाऱ्या पत्रांचा विषय बदलतो. एरवी नेपथ्य स्वस्तात कसं उभं करावं, तालमीला मुख्याध्यापकांकडून वर्ग कसा मिळवावा, असली विचारणा असते. निकालानंतर मुंबई सुरू होते. प्रयोग कुणीतरी मोबाइलवर टिपलेला असतो, तो हातोहात कास्टिंगवाल्यांपर्यंत, म्हणजे मालिकांसाठी नट निवडणाऱ्यांपर्यंत, पोचतो आणि इकडं एखाद्या घरात घालमेल चालू होते. त्यातली पाच पत्रं या अंकात घेतली आहेत. लांबलचक होती, कापली आहेत. नावं छापू नका असं सगळ्यांनीच बजावलंय.

एक आई, सेलू

मुलगा नऊ वर्षांचा, चौथीत. शाळेच्या बालनाट्यात त्यानं म्हाताऱ्याचं काम केलं, अभिनयाचं रौप्यपदक मिळालं. त्यावरून एका रोजच्या मालिकेसाठी विचारणा झाली. मोबाइलवर ऑडिशन पाठवली, मुंबईला जाऊन लूक टेस्ट (मेकअप-कपडे करून कॅमेऱ्यासमोर बघतात ती) दिली, निवड झाली. महिन्याचे पंधरा ते वीस दिवस लागतील म्हणतात. ह्यांचं कृषी सेवा केंद्र आहे, खरिपाच्या तोंडावर ह्यांना हलता येत नाही. धाकटी तीन वर्षांची. सासूबाई म्हणतात, ‘लेकराच्या जिवावर खायचंय का?’ तो मात्र बॅग भरून बसलाय. पाठवावं का? आणि त्या लोकांना काय काय विचारून घ्यावं?

उत्तर : ताई, सासूबाईंचं बोलणं कडू आहे, पण झटकून टाकू नका. स्पर्धेला तुमचा मुलगा डबा घेऊन शाळेच्या टेम्पोतून गेला आणि रात्री परत आला. मालिकेला तुमचं अख्खं घर जाणार आहे. त्याच्याबरोबर कोण राहणार, धाकटी कुणाकडं, दुकानाच्या गर्दीत दोन वेळचा स्वयंपाक कोण करणार, हे आधी ठरवा. अभिनय त्याला जमेल की नाही हा प्रश्न त्यानंतरचा. देवगिरी एक्स्प्रेसमध्ये रात्री बसलं की सकाळी मुंबई, हे खरं. पण महिन्यातून चार वेळा देवगिरीत बसणारं लेकरू शाळेत कधी बसणार, तेही बघा. आपल्याकडं म्हणतात ना, बनी तो बनी नाही तर परभणी; जमलं तर जमलं, नाही तर आपलं गाव आहेच. मोठ्या माणसानं तसं म्हणून निघावं. नऊ वर्षांच्या पोराच्या खांद्यावर ही म्हण ठेवू नये.

तिथला दिवस कसा असतो ते सांगते. मागं माझ्या एका विद्यार्थ्याची आई आजारी पडली, म्हणून त्याच्यासोबत गोरेगावला सेटवर मी गेले होते. कॉलटाइम, म्हणजे सेटवर हजर राहायची वेळ, सकाळी सातची. आठला मेकअप होऊन पोरगा तयार. अंगात मालिकेतल्या शाळेचा कडक इस्त्रीचा गणवेश. इस्त्री मोडेल म्हणून मांडी घालून बसू देईनात, म्हणून तो प्लास्टिकच्या खुर्चीत हात मांड्यांवर ठेवून बसला. त्याचा सीन दुपारच्या चहानंतर लागला. मध्ये सेटवर चहापाणी बघणाऱ्या एका स्पॉटदादानं त्याला मॅगी करून दिली, तेवढाच विरंगुळा. शेवटी सेटवर उभं केलं तेव्हा त्यानं इकडं तिकडं बघितलं आणि मला हळूच विचारलं, ‘बाई, पब्लिक कुठं बसायली?’ माणसं पुष्कळ होती. एकाचं लक्ष लाइटवर, एकीचं वहीत, एकाचं मॉनिटरवर त्याच्या वाकड्या कॉलरकडं. त्याचं काम बघायला म्हणून आलेलं कुणीच नव्हतं. टाळ्यांची सवय लागलेल्या लेकराला हे जड जातं. चांगलं केलं तरी ‘कट’ म्हणतात आणि लाइट हलवायला लागतात. वाईट केलं तरी तेच.

आता विचारून काय घ्यायचं. चौदा वर्षांखालच्या मुलांना कामाला लावायला १९८६च्या बालमजुरी कायद्यानं बंदी आहे. २०१६च्या दुरुस्तीनं ही बंदी सरसकट केली आणि त्यातून चित्रपट, मालिका, जाहिरातीतल्या बालकलाकारांना वाट काढून दिली, पण अटी घालून. त्या अटी २०१७च्या नियमांत आहेत आणि फोनवर गोड बोलणाऱ्या प्रॉडक्शनच्या माणसाला त्या ठाऊक असतात. तुम्हालाही ठाऊक आहेत एवढं त्याला कळू द्या. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. सलग सत्तावीस दिवसांच्या वर नाही. चित्रीकरण ज्या जिल्ह्यात आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्यानं काढायची, ती सहा महिने चालते. तुम्ही परभणीच्या कलेक्टर कचेरीत खेटे घालू नका, ते तुमचं काम नव्हे. परवानगीची प्रत मात्र मागून घ्या. पाच मुलांमागं एक जबाबदार माणूस नेमावा लागतो. तो कोण, त्याचा फोन नंबर काय, हे पहिल्याच दिवशी विचारा. शाळा तुटू नये म्हणून अभ्यासाची सोय करणंही त्यांच्याकडंच आहे. आणि मुलाच्या मनाविरुद्ध त्याच्याकडून काम करून घेता येत नाही, हेही नियमातच लिहिलंय. हा नियम आई-बापांनाही वाचून दाखवावा असं मला फार वेळा वाटतं.

पाच तास म्हटल्यावर खुश होऊ नका. मेकअप करून बसवून ठेवलेला वेळ ते त्यात धरणार का, हे स्पष्ट विचारा. मालिकेची शिफ्ट बारा तासांची असते. मोठ्या नटांच्या तारखांप्रमाणं सीनचा क्रम लागतो आणि लेकराचा सीन जिथं बसेल तिथं बसवतात. शक्यतो सकाळी पहिल्यांदा त्याचे सीन काढून मोकळं करा, हे सुरुवातीलाच बोललात तर कधी कधी ऐकतात. तिसऱ्या महिन्यात बोललात तर कटकटी आई म्हणून तुमची ख्याती होते, एवढंच.

पैशांचं बोलायला लाजू नका. ‘पर डे’, म्हणजे दिवसाचं मानधन, किती ठरलं ते ॲग्रीमेंटमध्ये लिहून हवं. पैसे काम झाल्यावर तीनेक महिन्यांनी हातात पडतात, ही या धंद्याची रीत आहे. म्हणजे पहिले तीन महिने खोलीचं भाडं, रिक्षा, जेवण तुमच्या खिशातून. मिळकतीतली किमान २० टक्के रक्कम थेट मुलाच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत जायला हवी, ती त्याला अठरा पूर्ण झाल्यावर मिळते. त्याचं पॅन कार्ड काढा. स्वतःच्या कलेवर त्यानं मिळवलेले पैसे आयकरात त्याच्याच नावानं धरतात, तुमच्या किंवा त्याच्या वडिलांच्या उत्पन्नात मिळवत नाहीत.

ॲग्रीमेंटमध्ये एक ओळ हमखास असते, मालिका चालू असताना दुसरीकडं काम करायचं नाही. त्याच्या समोर तुमचीही एक ओळ घाला : शाळेसाठी किंवा तब्येतीसाठी मुलाला थांबवायचं झालं तर किती दिवसांची नोटीस द्यायची. त्यांच्याकडून थांबवायला नोटीस लागत नाही. मालिकेनं एका सोमवारी लीप घेतला, पंधरा वर्षं उडी मारली, की तुमच्या मुलाच्या भूमिकेत दाढीवाला तरुण येतो.

माझं मत विचारलंत तर, पाठवा. मुलगा स्वतः बॅग भरतोय, ही मोठी गोष्ट आहे. पण पहिलं सत्र संपेपर्यंतच पाठवा आणि दिवाळीत घरात सगळ्यांनी बसून पुन्हा ठरवा, त्याला मधे बसवून. शाळेला आजच लेखी कळवा आणि चाचण्या कधी देता येतील ते मुख्याध्यापकांकडून लिहून घ्या. आणि सासूबाईंना एकदा सेटवर न्याच. आजी खुर्ची टाकून बसली की लेकराच्या जेवणाची वेळ चुकवायची कुणाची छाती होत नाही. दोनदा बघितलंय मी.

एक वडील, उदगीर

मुलगी सात वर्षांची, नाच आणि नाटक दोन्ही छान करते. एका एजन्सीचा फोन आला. पोर्टफोलिओ, आर्टिस्ट कार्ड आणि नोंदणी मिळून पस्तीस हजार मागतात. मालिकेत काम नक्की म्हणतात. भरू का?

उत्तर : नका भरू, भाऊ. ऑडिशनला पैसे पडत नाहीत. जो मधला माणूस खरंच काम आणतो, तो मिळालेल्या मानधनातून आपलं कमिशन घेतो, काम मिळण्याआधी खिसा कापत नाही. ‘नक्की’ हा शब्द तर या धंद्यात चॅनेलवाल्यांनाही परवडत नाही. फोटो तुम्हीच काढा : सकाळी खिडकीच्या उजेडात, रंगीत पडदा नको, साधी भिंत, तोंडाला पावडर नको. एक समोरून, एकेक दोन्ही बाजूंनी, एक उभा पूर्ण. मग मोबाइल आडवा धरून नाव, वय, उंची, गाव, कोणत्या भाषा येतात एवढं तिला सांगायला लावा. झाला पोर्टफोलिओ. ऑडिशनला गेलात तर लेकरू नजरेआड होऊ द्यायचं नाही. पालकांनी बाहेर थांबावं असं कुणी म्हटलं तर तिला घेऊनच बाहेर या. पस्तीस हजारांत शाळेच्या बालनाट्याचं नेपथ्य, कपडे, प्रवास सगळं भागतं, हे जाता जाता.

एक शिक्षक, जिंतूर तालुका

जिल्हा परिषदेच्या शाळेत आहे, दरवर्षी नाटक बसवतो. माझी मुलं स्टेज गाजवतात, पण त्याच मुलांची मोबाइलवर ऑडिशन काढली की काम भडक दिसतं. डोळे मोठे करतात, ओरडतात, प्रत्येक शब्दाला हात हलवतात. ‘कमी कर’ म्हटलं की पार विझून जातात. काय करावं?

उत्तर : सर, पहिल्यांदा ‘कमी कर’ म्हणणं बंद करा. लेकराला ‘कमी कर’ म्हटलं की ते आवाज कमी करतं आणि त्याबरोबर जीवही कमी करतं. तुमच्या मुलांनी चुकीचं काहीच शिकलेलं नाही. पटांगणात मांडव घालून, मागच्या ओळीत बाया-बापड्या लेकरं मांडीवर घेऊन बोलत असताना, माईक मधेच बंद पडत असताना, शेवटच्या माणसापर्यंत वाक्य पोचवायचं ते शिकले आहेत. मोबाइलसमोर शेवटचा माणूस दीड हातावर आलाय, एवढंच त्यांना सांगायचं.

सांगून कळत नाही, करून कळतं. एकच वाक्य घ्या, ‘आई, मी चाललो.’ पोराला पटांगणाच्या टोकाला उभं करा, तुम्ही शाळेच्या दारात. म्हणू द्या. मग दहा पावलांवर आणा. मग एका बाकावर शेजारी. मग कानात. प्रत्येक वेळी समोर खरंखुरं माणूस हवं आणि वाक्य त्या माणसालाच गेलं पाहिजे. कानात म्हटलेलं ते शेवटचं वाक्य मोबाइलवर घ्या आणि त्याला दाखवा. ‘कमी’ झालेलं असतं, विझलेलं नसतं.

दुसरं, ऐकण्याचं. बालनाट्यात आपण पोरांना आपलं वाक्य येईपर्यंत पुतळ्यासारखं उभं करतो. इथं आपल्या सगळ्या नाट्यशिक्षकांशी माझं भांडण आहे. कॅमेरा निम्मा वेळ ऐकणाऱ्याच्या तोंडावर असतो. दोन मुलं समोरासमोर बसवा. एकानं घरी काय झालं ते सांगायचं, खरं काहीतरी, बैल हरवला, आजी पडली. दुसऱ्यानं फक्त ऐकायचं. मोबाइल वह्यांच्या गठ्ठ्याला टेकवा आणि ऐकणाऱ्यालाच घ्या. नंतर आवाज बंद करून सगळ्या वर्गाला दाखवा आणि विचारा, काय गोष्ट चालली असेल? मुलं बरोबर ओळखतात. ज्याच्या तोंडावरून ओळखता आलं नाही तो गोष्टीकडं लक्ष न देता कॅमेऱ्याकडं लक्ष देत होता, हे त्यांचं त्यांनाच कळतं.

तिसरं कंटिन्युइटीचं, म्हणजे दर वेळी तेच अगदी तसंच करण्याचं, आणि यात खेड्यातली पोरं मुंबईच्या पोरांना मागं टाकतात, कारण त्यांच्या हाताला कामाची सवय असते. भुईमुगाच्या शेंगा द्या सोलायला आणि चार वाक्यांचा संवाद द्या. कोणत्या शब्दाला शेंग फुटली, दाणे कोणत्या हातात घेतले, टरफल कुठं टाकलं, कधी मान वर केली, हे सगळं दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा अगदी तसंच करायचं. शूटिंगमध्ये आधी सगळे दिसतात असा मास्टर शॉट घेतात, मग तोच सीन एकेकाच्या क्लोजमध्ये पुन्हा. समजा वाक्य आहे ‘बाबा आले’. मास्टरमध्ये शेंग ‘बाबा’ला फोडली आणि क्लोजमध्ये ‘आले’ला, तर एडिटिंगच्या टेबलावर दोन्ही तुकडे जुळत नाहीत. त्या वेळी पडद्यावर कुणाचा तुकडा राहतो? नेमकं करणाऱ्या मोठ्या नटाचा. लेकराचा उडतो आणि घरी आई विचारते, तुझा सीन होता ना रे आज?

तुकड्यांवरून आणखी एक. नाटकात पोरगं पहिल्या घंटेपासून चढत चढत रडण्यापर्यंत येतं. शूटिंगला सकाळी रडायचं असतं आणि ज्या भांडणावरून रडायचं ते भांडण दुपारी. तेव्हा तालमीत कधी कधी नाटक उलटं करून बघा. तिसरा प्रवेश आधी, पहिला शेवटी. सुरू करण्याआधी प्रत्येकानं एका वाक्यात सांगायचं, ‘मी आत्ता कुठून आलो आणि मला काय पाहिजे.’ तेवढं पक्कं असलं की क्रम कसाही लावा. तुमचं स्टेजवरचं नाटकही यानं सुधारेल, बिघडणार नाही. आणि ग्लिसरिन वगैरे शाळेत आणू नका. डोळ्यांत पाणी आलं नाही तर नाही आलं.

एक विद्यार्थिनी, वय १३, अंबाजोगाई

मॅडम, मी ऑडिशनला पुण्याला गेले होते. मी बोलायला लागले की तिथले दोघंजण हसले. एक म्हणाला, भाषा गावठी आहे, आधी ती सुधार. मी खूप रडले. माझी भाषा कशी सुधारू?

उत्तर : बाळा, हसणाऱ्यांचं सोडून दे, त्यांना दुसरं काम नसेल. तुझ्या जवळच्या माजलगावचे संदीप पाठक आज ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’चे प्रयोग करतात. तो प्रयोग मुळात लक्ष्मण देशपांडे यांचा. संभाजीनगरच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारा हा माणूस एकटा रंगमंचावर उभा राहून बावन्न पात्रं करायचा, आणि करायचा ती आपल्याच बोलीत. मकरंद अनासपुरे यांनी हीच बोली सिनेमाच्या नायकाच्या तोंडी नेली. तेव्हा टाकून द्यायची म्हणून तुझ्या बोलीकडं बघू नकोस.

पण तुला खरं सांगते, फक्त एवढ्यावर भागणार नाही. ऑडिशनचा कागद पुण्यातल्या वकिलाच्या मुलीचा असेल तर तो तसाच म्हणता यायला हवा. त्यासाठी रोज पंधरा मिनिटं आकाशवाणीच्या मराठी बातम्या ऐक आणि त्याच बातम्या वर्तमानपत्रातून मोठ्यानं वाच. ‘पाणी’तला ण आणि ‘शाळा’तला श जिभेवर बसला पाहिजे. आपण वाक्याच्या शेवटी हेल काढतो, तो कुठं निघतो ते रेकॉर्ड करून ऐक. आठवड्यातून एकदा तोच कागद आजीच्या बोलीत म्हण, तिच्यासमोर, आणि ती कुठं चूक काढते ते बघ. आपण शहरात आलो की आपलीच बोली नाटकी करून बोलायला लागतो, आजीला ते लगेच कळतं. ज्या मुलीला दोन्ही येतं तिला कुणीच हसत नाही. पुढच्या खेपेला आत जाताना आधी विचार, ‘सर, कॅरेक्टर कुठल्या गावचं आहे?’ त्यांनाही बहुतेक वेळा माहीत नसतं!

एक आजोबा, हिंगोली

नातू दोन वर्षं एका मालिकेत होता. मालिकेनं लीप घेतला, त्याचं काम संपलं. आता तो तेरा वर्षांचा आहे, आवाज फुटलाय. गावी शाळेत परत घातला, पण कुणात मिसळत नाही. फोन वाजला की पळतो. पाहुणे आले की ‘तो डायलॉग म्हण’ म्हणतात, मग खोलीत जाऊन कडी लावतो. त्याचे आई-बाप पुन्हा मुंबईला न्यायचं म्हणतात. मला काही पटत नाही. तुम्हाला काय वाटतं?

उत्तर : काका, तुमचं बरोबर आहे, आत्ता नेऊ नका. तेरा ते सोळा हे वय कास्टिंगवाल्यांना नको असतं. लहानाच्या भूमिकेला ते मोठं दिसतं आणि मोठ्याच्या भूमिकेला लहान. त्यात आवाज रोज वेगळा लागतो. फोन येत नाही यात त्याच्या अभिनयाचा दोष नाही, हे त्याला कुणीतरी स्पष्ट सांगायला हवं. तुम्हीच सांगा, आई-बाप सांगतील तर त्याला ती समजूत वाटेल.

डायलॉग म्हणायला लावणं आजपासून बंद. बारसं असो की लग्न, पाहुण्यांना तुम्ही अडवा, तुमच्या वयाला ते शोभतं. तो डायलॉग लहान मुलाच्या पातळ आवाजातला होता, आता तसा काढायला गेला की चिरतो आणि लोक हसतात. म्हणून तर तो कडी लावतो. आवाज बसेपर्यंत ओरडणं नको, मिरवणुकीत घोषणा नकोत, जुन्या आवाजाची नक्कल तर नकोच. हार्मोनियम असेल घरात तर आता जिथं सहज लागतो तो खालचा सूर धरून रोज थोडं गुणगुणू द्या.

त्याच्या नावची मुदत ठेव झाली आहे का ते बँकेत जाऊन बघून या, त्यालाच सोबत घेऊन. झाली नसेल तर मानधनाचे कागद काढून निर्मात्याला लेखी विचारा. दोन वर्षं राबलेल्या पोराला आपण काय मिळवलं ते कागदावर दिसू द्या.

शाळेत त्याचा सत्कार वगैरे करू नका म्हणावं, त्यानं तो आणखी वेगळा पडतो. मैदानावर सोडा. आणि सुट्टीत आमच्या परभणीच्या नाट्यशिबिराला धाडा, हिंगोलीहून काही लांब नाही. आमच्याकडं लाइटच्या बोर्डावर बसायला पोरगं हवंय. सेटवर दोन वर्षं काढलेल्याला उजेडातलं पुष्कळ कळत असतं. स्टेजवर जा असं मी त्याला म्हणणार नाही. त्यानंच विचारलं तर एक वात्रट काकाची भूमिका रिकामी आहे, तिला फुटका आवाज चालतो.